मापटंभर तेल

ही गोष्ट मी देवीलासुद्धा सांगितलेली नाही. तिच्याच दिव्यासमोर घडली, तेव्हा तिला ठाऊक असणार — तो भाग वेगळा. पण तोंड उघडून, शब्द जुळवून, कुणापुढं? नाही. ह्यांना नाही, पोटच्या लेकीला नाही. परवापरवापर्यंत वाटायचं, जाऊ दे, सरणावर माझ्यासंगं जळून जाईल. आणि आता लिहायला बसले तर हात थांबतो. मागं वळून बघते, दारात कुणी उभं आहे का. घरात कुणी नाही, सगळी रानात गेलीत — तरी बघते. संशयाची सवय लागली की अशी लागते, बघा.

तुम्ही म्हणत असाल, म्हातारीनं केलं तरी काय एवढं? कुणाला विष घातलं? कुणाचं घर जाळलं? नाही हो. मी एक बेरीज चुकले.

हसलात ना? हसा. मीही मनाशी किती वर्षं तेच म्हणत आले — बेरीजच तर चुकली, त्यात काय? सगळ्यांच्याच चुकतात. पण मग ती सांगायला एवढी वर्षं का लागली? हे विचारा मला. जरा दमानं सांगते. एकदम सांगायला गेले तर मधलंच काहीतरी गाळीन, आणि जे गाळीन तेच खरं असेल.

मी शाळेत गेलेली बाई नाही. माझ्या लहानपणी निजामाचा अंमल. शाळा उर्दू, आणि तीही पोरांची. वडील बाजारात मापाडी होते, धान्य मोजायचे. त्यांनी दिवेलागणीला पुढ्यात बसवून पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, सगळी तोंडपाठ करून घेतली. पाव, अर्धा, पाऊण, सव्वा — झोपेतून उठवून विचारा. पण तिसरा हिस्सा? पावकी-निमकीत तिसऱ्या हिश्श्याला जागाच नाही. वडिलांच्या मापांतही नव्हती. दोन चिपट्यांचं मापटं, दोन मापट्यांचा शेर, चार शेरांची पायली. सगळं दोनानं आणि चारानं. तीन कुठंच नाही. हे ध्यानात ठेवा, पुढं लागणार आहे.

मग संस्थान गेलं, आमचा मुलूख विलीन झाला आणि सासरच्या गावात मराठी शाळा आली. आमचं गाव येरमाळ्यापासून बैलगाडीनं सकाळी निघालं तर न्याहारीला पोचावं एवढंच. शाळेचे गुरुजी तरुण, उत्साही. त्यांनी बायांसाठी चावडीत संध्याकाळचा वर्ग काढला. बाया यायच्या त्या जास्त करून गप्पा मारायला. मी मात्र हपापल्यासारखी शिकले. अक्षरं झाली, आकडे झाले, मग गुरुजींकडून अंकगणिताचं पुस्तक मागून आणलं आणि वर्गाच्या पुढं पळाले. अपूर्णांकांचा गुणाकार घरच्या घरी, चुलीपुढं बसून शिकले. वरच्याला वरच्यानं गुणायचं, खालच्याला खालच्यानं. किती सोपं! मला तर ती रीत इतकी आवडली की काय सांगू. त्याच्या आधी बेरजेची पानं होती, ती मी उलटून टाकली. बेरीज काय शिकायची? मापाड्याची लेक मी.

आता घरातली माणसं सांगते. आम्ही सासूला आत्याबाई म्हणायचो. कडक बाई, पण शिकण्याचं कौतुक फार. ‘आमची थोरली हिशोबात कुणाला ऐकायची न्हाय,’ असं आल्यागेल्याला सांगायच्या. आणि माझी धाकटी जाऊ, सुभद्रा. नळदुर्गाच्या बाजूची. बोलण्यात मधूनच कानडी शब्द, हसणं मोठ्यानं, कमरेवर शकू नावाची लहानगी लेक. मला ‘आक्का’ म्हणायची. माझ्या आधी उठून माझ्या वाटणीचं पाणी भरून ठेवायची. आणि तरी — हे लिहायलाच पाहिजे — ती मला आवडत नव्हती. का? तिनं पाणी भरून ठेवलं तर वाटायचं, हिला काय साधायचंय? ती हसली तर वाटायचं, कुणाला हसली? असं का वाटायचं, ते मला तेव्हाही सांगता आलं नसतं.

नवरात्रात आमच्या घरी घट बसायचा आणि नऊ माळा अखंड दिवा. त्याला करडईचं तेल. घाण्यावरून काढून आणलं की आत्याबाई स्वतः पाच शेर मोजून चिनी मातीच्या बरणीत ओतायच्या आणि ती बरणी माजघरात, घटाच्या डाव्या हाताला. ते देवीचं तेल. त्यातलं बोटभर कुणी केसाला लावायचं नाही, फोडणीला घ्यायचं नाही. उरेल ते दसऱ्याला येरमाळ्याला, येडाईच्या देवळातल्या दिव्यात. बरणीतून झारीत घ्यायचं, झारीतून दिव्यात.

आता एक रीत ऐका. थोरली सून घटी बसायची, म्हणजे नऊ दिवस उपास. तिनं घरातल्या रोजच्या मापाला शिवायचं नाही. तिनं तेल घ्यायचं ते देवीपुढं फोडलेल्या नारळाच्या करवंटीनं. आमच्या घरात ती करवंटी जपून ठेवलेली होती, आत्याबाईंच्याही सासूच्या वेळची, काळीभोर, गुळगुळीत. तीन करवंट्या भरल्या की बरोबर एक शेर. धाकटीला ते बंधन नाही; ती आपली पत्र्याच्या मापट्यानं घ्यायची, अर्ध्या शेराच्या. एकाच बरणीत दोन मापं, एक तिसऱ्या हिश्श्याचं, एक अर्ध्याचं. इतक्या पिढ्या चाललं होतं. कुणी त्यांची बेरीज करायला गेलं नव्हतं, तोवर काही बिघडलं नव्हतं.

आदल्या वर्षी तेल अपुरं पडलं होतं. आठव्या माळेला शेजारून उसनं आणावं लागलं. वारा फार होता, वात मोठी जळत होती, सगळ्यांनी तेच म्हटलं. माझ्या मनात मात्र पाल चुकचुकली ती चुकचुकलीच. तेल जातं कुठं?

म्हणून त्या वर्षी मी पहिल्या माळेपासून खुणा ठेवल्या. मी करवंटी घेतली की भिंतीवर कुंकवाचं एक बोट. सुभद्रालाही सांगितलं, तू मापटं घेतलंस की पलीकडच्या बाजूला एक बोट काढ. तिनं विचारलं, ‘कशाला वो आक्का?’ मी म्हटलं, शोभा दिसते. शोभा! आणि ती बिचारी प्रत्येक बोटाखाली हळदीचा ठिपका काढायची, शोभा म्हणून.

खुणा ठेवून भागलं का? नाही. मी दाराआड उभी राहायची. ती झारी भरायला वाकली की तिची मनगटं बघायची, मापटं खरंच एकदाच बुडतंय ना. एकदा शकूची वेणी घालते म्हणून तिला मांडीवर घेतलं आणि लेकराच्या डोक्याचा वास घेतला, करडईचा येतो का ते. दुसऱ्या दिवशी सुभद्राच्या पदराचा घेतला. तेलाचा वास आला. दिव्याला तेल घालणाऱ्या बाईच्या पदराला तेलाचा वास येणार नाही तर कशाचा येणार? माझ्याही पदराला येतच होता. पण माझा पदर कोण हुंगतंय?

आठव्या माळेला सुभद्राचा भाऊ आला, नागनाथ. माहेरची ओटी घेऊन. नळदुर्गाहून सोलापूर-हैदराबाद रस्त्यावर लॉरीवर क्लिनर होता. मिसरूड नुकती फुटलेली, खिशात लहानसा कंगवा, आणि केस — केस असे चपचपीत की त्यात दिवा दिसावा. ढाळजेत, म्हणजे पुढच्या दारालगतच्या ओसरीत, त्याची पथारी. नवव्या माळेला घटाच्या पाया पडायला म्हणून माजघरात गेला आणि बराच वेळ बाहेर आला नाही. मी पाहिलं. सुभद्रानंही पाहिलं, पण ती पाहत होती हे मी पाहिलं नाही.

दसऱ्याला घट उठले. मी आंघोळ करून पाटी घेऊन बसले. माझी बोटं सात. सात करवंट्या म्हणजे दोन पूर्णांक एक तृतीयांश शेर. तिची बोटं तीन. तीन मापटी म्हणजे एक पूर्णांक एक द्वितीयांश. आता मिळवणी. दोन आणि एक, तीन पूर्णांक. वरचा एक आणि एक, दोन. खालचे तीन आणि दोन, पाच. तीन पूर्णांक दोन पंचमांश. सुंदर अक्षरात लिहिलं. पाच शेरांतून ते वजा केले, राहिले एक पूर्णांक तीन पंचमांश. म्हणजे दीड शेराच्या वर. म्हणजे बरणीत तीन मापटी गच्च भरून वर थोडं उरायलाच हवं.

मी आत्याबाईंना म्हटलं, येरमाळ्याला पाठवायच्या आधी मोजू या का? त्यांना कौतुकच वाटलं.

पहिलं मापटं भरलं. दुसरं भरलं. तिसऱ्याच्या बुडात थोडंसं पडलं आणि बरणी आटली. बरणी उपडी करून धरली, ठेच देऊन बघितली. तिसऱ्या हिश्श्याच्या वर तेल गेलं नाही.

मला काय वाटलं सांगू? दुःख? राग? नाही. मला बरं वाटलं. वर्षभर ज्याचा वास घेत होते ते सापडलं होतं. मापटंभर तेल, थोडं कमी असेल, पण मापटंच म्हणा, गेलं होतं. आणि माझ्या हातात पाटी होती. मी सगळ्यांवर संशय घेतला. पाटीवर घेतला नाही.

मी नाव घेतलं नाही कुणाचं. एवढी मी शहाणी. फक्त म्हटलं, ‘बरणीला हात लावणाऱ्या आम्ही दोघीच. मी घटी बसलेली.’ पुढचं आत्याबाई बोलल्या. आणि घरात रीत अशी की देवीच्या वस्तूत खोट आली तर परडीवर हात ठेवायचा, देवीच्या परडीवर, आणि ‘मी घेतलं नाही’ म्हणायचं. मी पटकन पुढं झाले, हात ठेवला, म्हटलं. खरंच होतं ते. मग सुभद्राची पाळी.

ती हललीच नाही.

‘ठेव की हात,’ आत्याबाई म्हणाल्या. ‘घेतलं न्हाईस तर भ्यायचं काय?’

सुभद्रानं एकदा परडीकडं बघितलं, एकदा बाहेर ढाळजेकडं. तिथं नागनाथ निघायच्या तयारीत भिंतीवरच्या आरशात केस विंचरत होता. मग ती खाली बसली आणि म्हणाली, ‘आत्याबाई, मला शपत घालू नका. तुमच्या पाया पडते.’

आता सांगा, तुम्ही त्या माजघरात असता तर काय समजला असता? सगळे तेच समजले. नागनाथ निघून गेल्यावर, बहिणीनंच त्याच्या पिशवीत बाटली घातली असणार, असं ठरलं. मीही तेच समजले, आणि समजून झाल्यावर तिच्या डोक्यावरून पदर सरकला होता तो नीट केला. माया म्हणून नव्हे. जिंकलेली बाई मोठेपणा करते, तसा.

पुढचं थोडक्यात सांगते, कारण ते लांबवलं की मला रडू येतं, आणि रडण्याचा मला काय अधिकार? सुभद्राचा दिव्याला हात लावणं बंद झालं. गावात बाया कुजबुजायला लागल्या, ‘देवीचं तेल खाल्लेली.’ थंडीत शकूचे डोळे आले, लाल झाले, तर म्हणे बघा, दिव्याचं तेल डोळ्यांतून निघतंय. दिवाळीच्या सुमाराला दिरानं वेगळी चूल मांडली, मागच्या सोप्यात. मोठ्यानं हसणारी बाई अंगणातून पावलांचा आवाज न करता जायला लागली. आणि आत्याबाईंनी कोठीची किल्ली माझ्या कमरेला दिली.

इथंवर जे सांगितलं ती चूक. चूक म्हणून सोडूनही द्याल तुम्ही. थांबा.

त्या हिवाळ्यात, संक्रांतीच्या आगेमागे, गुरुजींनी चावडीत फळ्यावर एक गणित लिहिलं. एक द्वितीयांश अधिक एक तृतीयांश. तेच. कुणी सांगितलं होतं का त्यांना? मी पहिल्यांदा हेच बघितलं — गुरुजींचं तोंड. पण ते आपले खडू झटकत म्हणाले, खालचे आकडे वेगळे असले की अशी मिळवणी होत नाही. आधी दोघांना एका मापात आणायचं, समच्छेद करायचा. अर्ध्याचे सहांतले तीन, तिसऱ्या हिश्श्याचे सहांतले दोन, मिळून सहांतले पाच.

मागून कुणीतरी बाई म्हणाली, ‘आमच्या घरातबी तसंच हाय गुर्जी, खालची एक हुईनात आन् वरची भांडत्यात.’ चावडी हसली. गुरुजीही हसले आणि म्हणाले, ‘काही जण खालचे आकडेही मिळवून टाकतात. मग उत्तर येतं दोन पंचमांश. म्हणजे अर्ध्यात भर घातली आणि अर्ध्याहून कमी झालं! असं कुठं होतं का बायांनो?’

सगळ्या पुन्हा हसल्या. मीही हसले. सगळ्यांत मोठ्यानं मीच हसले.

गुरुजी माझ्याकडं वळून म्हणाले, ‘तुम्हाला तर हे आधीच येत असेल.’ मी म्हटलं, ‘व्हय, येतं की.’

घरी येऊन पाटी घेतली. दोन पूर्णांक दोन षष्ठांश, एक पूर्णांक तीन षष्ठांश. मिळून तीन पूर्णांक पाच षष्ठांश. पाचातून गेले, राहिला एक पूर्णांक एक षष्ठांश. एक शेर म्हणजे दोन मापटी. वर शेराचा सहावा हिस्सा, म्हणजे तिसरं मापटं तिसऱ्या हिश्श्यापर्यंत. जसं दसऱ्याला भरलं होतं तसंच. बरणीतून थेंब गेला नव्हता. चोरी झालीच नव्हती. चोर मी पाटीवर तयार केला होता.

पाटी पुसली. ओल्या फडक्यानं, मग कोरड्या. मागच्या सोप्यात सुभद्राच्या चुलीचा धूर दिसत होता. मधलं अंगण केवढं? हाक मारली असती तर ऐकू गेली असती. नाही मारली. उद्या सांगू म्हटलं. उद्याही नाही. मग किल्लीचा विचार आला, आत्याबाईंचा आला, गावातल्या बाया हिशेब घेऊन माझ्याकडं येतात त्याचा आला. हे मी कारण म्हणून सांगत नाही. असं झालं, म्हणून सांगते.

आणि तेव्हापासून संशयानं तोंड माझ्याकडं फिरवलं. आत्याबाई माझ्याकडं जास्त वेळ बघत होत्या का? गुरुजी त्या दिवशी मुद्दाम तेच गणित का घालतील? भिंतीवरची कुंकवाची बोटं मी सारवून टाकली, तर त्याच्याखालून ती लाल दिसताहेत असं वाटायचं. सुभद्रा विहिरीवर माझ्याकडं बघून थांबली की मी अर्धीच घागर घेऊन घरी फिरायची. हिला कळलं?

म्हणून जेव्हा ती एक दिवस उंबऱ्याशी येऊन उभी राहिली आणि भीत भीत म्हणाली, ‘आक्का, म्या बी येऊ का वर्गाला? मला बी आकडं शिकायचं हायेत,’ तेव्हा मी काय केलं असेल?

मी म्हटलं, ‘तुला काय करायचंय शिकून? पोरीकडं बघ आधी.’

ती ‘बरं’ म्हणाली आणि गेली. ती बाई जन्मभर अंगठा उठवत राहिली. ती शिकली असती तर एक दिवस समच्छेदापर्यंत पोचली असती, ह्याच भीतीनं मी तिला उंबऱ्यावरून परत लावली. हे चुकून नव्हतं. हे मी पूर्ण शुद्धीत, नीट हिशेब करून केलं.

वाटलं असेल तुम्हाला, हेच ते. मलाही किती वर्षं वाटत होतं, ह्याच्याखाली आता काही नाही.

वर्षं गेली. आत्याबाई गेल्या. दोन्ही घरांत हळूहळू येणंजाणं सुरू झालं. राग असा किती दिवस टिकतो, आणि सुभद्राला तर तो कधी नव्हताच. शकूचं लग्न ठरलं. उन्हाळ्यात लिंबाखाली आम्ही दोघी शेवया करायला बसलो. पाटाच्या एका बाजूला ती, एका बाजूला मी. मी सहज विचारलं, पोरीमागं मामा म्हणून कोण उभा राहणार? अंतरपाटाच्या वेळी मामा लागतो, आणि नागनाथ तर किती वर्षांत दिसला नव्हता. मधे एकदोनदा दिवाळीला आला होता. वेशीतूनच परत गेला, असं ऐकलं होतं. मी विचारलं नव्हतं का ते.

सुभद्राचे हात थांबले. बोटांवर शेवई तशीच लोंबत. मग इकडंतिकडं बघून हळूच म्हणाली, ‘आक्का, तुमाला म्हणून सांगते. शकूच्या बापाला बी ठाव न्हाय. त्या साली देवीचं तेल — म्या न्हाय घेतलं.’

मी पिठाचा गोळा पुन्हा मळायला घेतला. 

‘तुमचा हिशोब कवा चुकत न्हाय, हे समद्या गावाला ठाव हाय. तुमी म्हणला तेल कमी हाय, म्हंजी कमीच हाय. म्या घेतलं न्हाय, तुमी घेतलं न्हाय. मग घरात परकं कोन व्हतं?’ तिनं मनगटानं डोळे पुसले. ‘केस बघितलं व्हतं न्हवं तुमी त्याचं? परडीवर हात ठेवला असता तर समद्यांनी त्यालाच धरलं असतं. त्या वयाचं पोर... मारलं असतं त्याला. म्हून म्या माझ्यावर घेतलं. पर घरात न्हाय घेतलं पुन्हा त्याला. भाऊबीजेला आला तर दार लावून घेतलं. का म्हून विचारत व्हता भाईरनं. म्या सांगितलं न्हाय.’

ऐकलंत? तिला माझ्यावर संशय नव्हता. पाटीवर नव्हता. माझ्या बेरजेवर तिचा इतका विश्वास होता की तिनं स्वतःच्या सख्ख्या भावाला चोर मानलं, आणि त्याचा आळ आपल्या डोक्यावर घेऊन बसली. आणि तो पोरगा, ज्यानं देवीसमोर बसून पाया पडण्यापलीकडं काही केलं नव्हतं, बंद दाराबाहेर भाऊबीजेची साडी घेऊन उभा होता, आणि त्याला का ते माहीत नव्हतं.

‘आता मामा बोलवावा का न्हाय, तुमीच सांगा,’ ती म्हणाली. ‘देवीची खोट हाय. तुमी थोरल्या. तुमी म्हणाल तसं.’

आमच्यामधे एक पाट होता. पिठानं माखलेला. त्यावर बोटानं तीन आकडे काढले असते तरी झालं असतं. एवढी वर्षं सांगायला जागा नव्हती म्हणावं, तर देवीनं जागा करून दिली होती, बाई समोर बसवली होती, आणि आजूबाजूला कुणी नव्हतं.

मी म्हणाले, ‘बोलाव त्याला. लहान होता गं. झालं गेलं. मी त्याला केव्हाच माफ केलंय.’

हे मी बोलले. हेच ते. ह्याच्याखाली आता खरंच काही नाही. जे झालंच नव्हतं त्याची माफी दिली, आणि दिली कुणी, जिनं मागायला हवी होती तिनं. सुभद्रा पाट ओलांडून आली आणि पिठाच्या हातांनी माझे पाय धरले. ‘लई मोठं मन हाय आक्का तुमचं,’ म्हणाली. मी पाय मागं घेतले नाहीत.

लग्नाला नागनाथ आला. लॉरीवरून कधीतरी पडला होता, एका पायानं लंगडत होता. हातात भाचीसाठी साडी. बहिणीनं त्याला काय सांगितलं, किती सांगितलं, मला माहीत नाही. बहुतेक काहीच नाही. नुसतं म्हणाली, ‘आदी आक्काच्या पाया पड.’ तो गोंधळून माझ्याकडं बघत होता. मला वाटलं, ह्याला कळलंय. आता बोलेल. मांडवात, सगळ्यांसमोर विचारेल. त्याच्या डोळ्यांत मी ते शोधत होते.

काही नव्हतं. लंगडा पाय बाजूला टाकून तो अवघडत खाली वाकला. मी त्याच्या डोक्यावर हात ठेवला. केस तरणेपणीच पिकायला लागले होते, आणि कोरडे. बोटाला तेलाचा थेंब लागला नाही.

मी म्हटलं, ‘सुखी राहा.’